बिकानेर ते लोंगेवाला: फौजेतल्या उंटांच्या मागावर

माझे मामा फौजेत होते ते एएससीत, म्हणजे आर्मी सर्व्हिस कोअरमध्ये, आणि तिथंही खेचरांच्या तुकडीत. उभी नोकरी डोंगरातल्या चौक्यांवर रेशन आणि रॉकेल पोचवण्यात गेली. त्यामुळे राजस्थानचा बेत ठरला तेव्हा मी काढलेली हवेल्यांची यादी त्यांनी चष्मा वर करून एकदा वाचली आणि बाजूला ठेवली. "महाल कुठंही बघता येतात. मला फौजेचा उंट दाखव." मामींचा कार्यक्रम वेगळा होता, त्यात बांधणीच्या साड्या आणि केर-सांगरीची भाजी होती. अशा दोन दिशांना ओढणाऱ्या मंडळींबरोबर जानेवारीत निघालो. रेल्वे, हॉटेल, गाडी सगळं सरळ झालं, म्हणून थेट बिकानेर गाठतो.

पहिला दिवस: बिकानेर

सकाळी थंडी अशी की तोंडातून वाफ निघत होती. दुपारी बारापर्यंत स्वेटर काढावा लागला आणि संध्याकाळी पुन्हा चढवावा लागला. जानेवारीत जाणाऱ्यांनी एक जाड जॅकेट घेण्यापेक्षा दोन-तीन पातळ थर घ्यावेत.

कचोरी आणि चहा घेऊन बाहेर पडतो तोच पहिला उंट दिसला. गाड्याला जुंपलेला, वर विटा. मामा थेट गाड्याच्या चाकांशी जाऊन बसले. ती चाकं म्हणजे विमानाचे जुने टायर. रुंद आणि गुळगुळीत, वाळूत रुततच नाहीत. गाडीवाल्यानं हसून सांगितलं की इथं वर्षानुवर्षं हेच टायर चालतात. पाठीवर उंट साधारण दीड-दोनशे किलो नेतो, पण अशा गाड्यावर टनभर माल सहज ओढतो. मामांचं खेचर 70-80 किलो नेणारं. त्यांनी काहीच उत्तर दिलं नाही, नुसती मान हलवली.

जुनागढ किल्ला बघायला अख्खा दिवस हवा. महालातलं सोन्याचं काम, निळ्या ढगांची चित्रं, सगळं सुंदर आहे आणि त्याबद्दल भरपूर लिहिलं गेलंय. आम्ही रेंगाळलो ते महाराजा गंगासिंहांच्या काळातल्या दालनांत. तिथं पहिल्या महायुद्धातलं एक विमान ठेवलंय, इंग्रजांकडून भेट म्हणून आलेलं. लोकांची झुंबड त्याच्याभोवती. पण बिकानेरनं त्या युद्धात पाठवलं ते विमान नव्हे, उंटांची पलटण.

तिचं नाव गंगा रिसाला. गंगासिंह वयाच्या सातव्या वर्षी गादीवर बसले आणि 1889 च्या सुमारास संस्थानानं साम्राज्याच्या सेवेसाठी उंटदळ उभं करायचं कबूल केलं. पुढं हे लोक 1900 मध्ये चीनला बॉक्सर बंडाच्या वेळी गेले, पण तिथं पायदळ म्हणून, उंट घरी ठेवून. 1902 ते 1904 या काळात सोमालीलँडमध्ये मात्र उंटांसह लढले. महायुद्ध पेटल्यावर त्यांची रवानगी इजिप्तला झाली. सुवेझ कालव्याच्या पूर्वेला सिनाईच्या वाळूत गस्त घालणं हे त्यांचं काम. नोव्हेंबर 1914 मध्ये बीर-एल-नसजवळ वीसएक स्वारांच्या गस्तीची शत्रूच्या कितीतरी मोठ्या टोळीशी गाठ पडली आणि निम्म्याहून जास्त माणसं तिथंच पडली. गंगासिंह स्वतःही इजिप्तमध्ये आपल्या माणसांबरोबर होते. याच गंगासिंहांनी पुढं व्हर्सायच्या तहावर सही केली. वारले ते आपल्या मुंबईत, 1943 साली.

हे सगळं मी मोठ्या हौसेनं वाचून दाखवत होतो. मामा म्हणाले, "गस्त ठीक आहे. पाणी कोण नेत होतं?"

प्रश्न नेमका होता. सिनाईत आणि पुढं पॅलेस्टाइनमध्ये इंग्रजी फौज पुढं सरकली ती रेल्वे आणि पाइपलाइनच्या जोरावर. पण पाइपलाइन संपली की तिथून खंदकापर्यंत पाणी न्यायचं ते उंटानं, दोन्ही बाजूंना पत्र्याच्या टाक्या लटकवून. त्यासाठी डिसेंबर 1915 मध्ये उंट वाहतुकीचं वेगळं दळच उभं केलं होतं. युद्धभरात त्यात 70 हजारांवर उंट आणि त्याहून कितीतरी जास्त इजिप्शियन उंटवाले राबले. त्यातल्या बहुतेकांची नावंही कुणाला माहीत नाहीत. "आमचंही तेच," मामा म्हणाले आणि पुढच्या दालनाकडं निघाले.

दुसरा दिवस: उंटांचं संशोधन केंद्र

बिकानेरपासून आठ-दहा किलोमीटरवर जोडबीड भागात राष्ट्रीय उष्ट्र अनुसंधान केंद्र आहे, 1984 पासूनचं. पर्यटकांना साधारण दुपारनंतर सोडतात, पण हॉटेलवाल्याला सांगून त्या दिवसाची वेळ विचारूनच निघा. चार वाजता पोचलात तर उत्तम, कारण चरायला गेलेले कळप त्याच सुमारास परततात.

ते परतणं बघण्यासारखं असतं. धूळ उडत नाही, टापांचा आवाज नाही. शेकडो जनावरं येतात आणि ऐकू येतं ते फक्त त्यांचं गुरगुरणं. पायाच्या तळव्याला गादी असते, वजन पडलं की ती पसरते, वाळूला घट्ट धरते आणि आवाज गिळते.

तिथल्या एका देखभाल करणाऱ्या माणसानं आम्हाला जाती ओळखायला शिकवलं. बिकानेरी म्हणजे भरदार, डोळ्यांवर आणि कानांवर केस, कपाळाला खळगा. हा ओझ्याचा आणि गाड्याचा उंट. जैसलमेरी शेलाटा, लांब पायांचा, लहान तोंडाचा. हा सवारीचा. सीमा सुरक्षा दलाला गस्तीसाठी जैसलमेरी आवडतो आणि परेडच्या रुबाबासाठी बिकानेरी, असं त्याचं म्हणणं. मग कच्छी आणि मेवाडीही आहेत. मामांनी एका जैसलमेरीच्या पायावरून हात फिरवला, गुडघ्यापासून खाली, अगदी सवयीनं. खेचराचे पाय तपासतात तसा. उंटानं मान वळवून त्यांच्याकडं तुच्छतेनं पाहिलं.

एका कुंपणात नर वेगळे बांधले होते. थंडीत नर माजावर येतात. त्यातला एक आमच्यापासून चार हातांवर उभा होता. दात खात होता, तोंडाला फेस, मानेमागच्या ग्रंथीतून काळं काहीतरी झिरपत होतं. एकाएकी घशातून गुडगुड आवाज आला आणि तोंडाच्या एका बाजूनं गुलाबी, ओलसर फुगा बाहेर लोंबला, चांगला वीतभर. मामी किंचाळल्या. त्यांना वाटलं जनावराची आतडी बाहेर आली. ती टाळूची मऊ झिल्ली असते, हवा भरून बाहेर काढतात, माद्यांना दाखवायला. दहा सेकंदांत आत गेली. या दिवसांत नरापाशी फोटोसाठी जवळ जाऊ नका. माजावरचा उंट चावतो, आणि चावला की सोडत नाही.

इथंच मला उंटाच्या पाण्याचं गणित नीट कळलं. वशिंडात पाणी नसतं, चरबी असते. खरी करामत इतरत्र आहे. उंट शरीराचं तापमान दिवसभरात सहा-सात अंशांनी वर चढू देतो, म्हणजे घाम काढायची वेळच उशिरा येते. शरीरातलं पाणी पाव हिश्शानं घटलं तरी चालत राहतो, आणि पाणी मिळालं की दहा-पंधरा मिनिटांत शंभरएक लिटर ओढतो. दुसऱ्या कुठल्या जनावराचं इतक्या झपाट्यानं प्यायल्यावर रक्त बिघडेल. उंटाच्या तांबड्या पेशी लांबट असतात, त्या फुगल्या तरी फुटत नाहीत.

केंद्राच्या दुकानात सांडणीच्या दुधाची कुल्फी आणि कॉफी मिळते. दूध किंचित खारट लागतं. कुल्फी मला आवडली, मामींनी एक चमचा घेऊन वाटी माझ्याकडं सरकवली.

त्याच रात्री, जेवताना

बाजरीची भाकरी, कढी, केर-सांगरी, लसणाची चटणी आणि वर लोण्याचा गोळा. मामी खूश. जेवताना विषय निघाला की उंट काही मराठ्यांना परका नाही. शिवकाळापासूनच्या अठरा कारखान्यांत उष्ट्रखाना होताच. पेशवाईत तातडीचा खलिता सांडणीस्वार नेत असे. आणि पानिपतावर आपल्याला उंट भेटला तो समोरून: अब्दालीच्या उंटांवर जंबुरक होते, म्हणजे पाठीवर फिरत्या बैठकीत बसवलेल्या हलक्या तोफा. आपल्या जड तोफा जागच्या हलेनात आणि त्यांच्या तोफा चालत फिरत होत्या. मामांना हे ठाऊक नव्हतं. भाकरी तोडायची थांबवून त्यांनी विचारलं, "तोफ उडाली की उंट बिथरत नसेल?" बसवून उडवायचे, असं सांगितल्यावर समाधान झालं.

तिसरा दिवस: बिकानेरहून जैसलमेरकडं

रस्ता उत्तम, साधारण सव्वातीनशे किलोमीटर. वाटेत फलोदीजवळ खिचन गावी थांबाच. हिवाळ्यात तिथं कुरजा, म्हणजे करकोचे, हजारोंनी उतरतात. गावकरी त्यांना दाणे घालतात. सकाळी लवकर गेलात तर चुग्याच्या, म्हणजे दाणे टिपायच्या, वेळी दिसतात. आम्ही दुपारी पोचलो, तरी तलावाकाठी भरपूर होते.

खिचनच्या पुढं रस्त्याकडेला एक म्हातारे रायका उंट चारत होते. रायका म्हणजे पिढीजात उंटपाळ. लाल पगडी, कानात सोन्याच्या भोकरी, हातात लांब काठी. मामांनी आपल्या फौजी हिंदीत गप्पा सुरू केल्या आणि दोघं तासभर बाभळीखाली बसले. त्या रायकाबाबांनी सांगितलं की त्यांच्या आजोबांच्या वेळी फौजेचे लोक गावात येऊन उंट निवडून नेत. आता कुणी घेत नाही. 2012 च्या पशुगणनेत देशात चार लाख उंट होते, 2019 मध्ये अडीच लाख उरले. राजस्थाननं 2014 मध्ये उंटाला राज्यपशू केलं, मग राज्याबाहेर नेण्यावर बंदी आली. बाबांचं म्हणणं असं की मान मिळाला आणि गिऱ्हाईक गेलं. मला त्यात तथ्य वाटलं.

मामांनी विचारलं, "फौजेत इतके उंट का मरायचे?" कारण ते आदल्या रात्री माझ्याकडून पहिल्या अफगाण युद्धाबद्दल ऐकून अस्वस्थ झाले होते. 1838 मध्ये निघालेल्या इंग्रजी फौजेबरोबर सुमारे 30 हजार उंट होते. एका ब्रिगेडियरच्या खासगी सामानालाच साठ उंट लागल्याची नोंद आहे. बोलन खिंडीपर्यंत त्यातले हजारो वाटेत पडले. चाळीस वर्षांनी दुसऱ्या युद्धात पुन्हा तेच झालं. बाबांना ब्रिगेडियरशी देणंघेणं नव्हतं. त्यांनी बोटांवर मोजून कारणं दिली: वाळूतला उंट दगडावर नेला की तळवा फाटतो, अनोळखी झाड खाल्लं की विष चढतं, चरायला दिवसाचे सहा-आठ तास मिळाले नाहीत की वशिंड बसतं, आणि पलाण मापाचं नसलं की पाठीला जखम होते. "उंट तक्रार करत नाही. बसतो आणि उठत नाही. तोवर उशीर झालेला असतो." मैदानातले उंट बोलनमध्ये कण्हेरीसारखी विषारी झुडपं खाऊन मेले हे इंग्रजांनी लिहून ठेवलंय. बाबांना ते न वाचता ठाऊक होतं. उंटवाल्याला भाड्यानं पकडून आणायचं आणि त्याचं ऐकायचं नाही, हा त्या मोहिमांचा खरा रोग, असं माझं मत झालं. सिंधमध्ये इंग्रज सेनापती चार्ल्स नेपियरनं 1843 मध्ये बांधीव उंटदळ काढलं तेव्हा जनावर आणि माणूस यांची कायमची जोडी बांधली. गंगा रिसाल्याला तर घरचेच उंट आणि घरचेच स्वार. फरक पडणारच.

चौथा दिवस: जैसलमेर

सोनार किल्ल्याच्या गल्ल्या, घोटुवां लाडू, मामींची साडीखरेदी. दुपारी जोधपूर रस्त्यावरच्या युद्ध संग्रहालयात गेलो, 2015 मध्ये उघडलेलं. मोकळ्या आवारात रणगाडे आणि ट्रक आहेत, मामांना प्रत्येक ट्रकचं मॉडेल पाठ.

स्वातंत्र्यानंतर बिकानेर आणि जैसलमेरचे रिसाले एकत्र करून ग्रेनेडियर्सची 13 वी पलटण झाली, गंगा-जैसलमेर या नावानं. 1965 च्या युद्धात ही पलटण वाळवंटात उंटांसह उतरली. पुढं 70 च्या दशकात सेनेनं उंट सोडले आणि काम सीमा सुरक्षा दलाकडं आलं. 1976 पासून 26 जानेवारीच्या परेडला दिसतात ते त्यांचेच उंट. 2023 मध्ये त्या पथकात पहिल्यांदा महिला स्वारही होत्या.

संध्याकाळी सफर. सम इथं गर्दी आणि लाउडस्पीकर असतात, शांतता हवी असेल तर खुरी बरं. बसताना एक लक्षात ठेवा: उंट उठतो तेव्हा मागचे पाय आधी उचलतो, म्हणून मागं रेला. बसतानाही पुढचे गुडघे आधी टेकतो, तेव्हाही मागंच रेला. जाड पॅंट घाला, मांड्या सोलवटतात. पलाणावर दोन बैठका असतात, वशिंडाच्या पुढं एक आणि मागं एक. पुढं मामा, मागं मी. उंट एका बाजूचे दोन्ही पाय एकदम टाकतो, त्यामुळं अंग डावीउजवीकडं झुलतं. मामा काही वेळानं म्हणाले, "यावर बसून नेम धरायचा म्हणजे कठीण." बहुतेक उंटदळं लढायची वेळ आली की खाली उतरूनच लढत. उंट फक्त पोचवायचा.

पाचवा दिवस: रामगढ, तनोट, लोंगेवाला

पहाटे निघा. रामगढला पेट्रोल भरून घ्या, पुढं भरवसा नाही. आधार कार्ड सगळ्यांचं बरोबर हवं. तनोटपर्यंत भारतीयांना परवाना लागत नाही, त्यापुढं प्रत्यक्ष सीमेकडं जायचं तर आधी पास काढावा लागतो. मोबाइलला रेंज येते-जाते.

रामगढच्या अलीकडं हिरवीगार जिऱ्याची शेतं पाहून आम्ही चाट पडलो. कालव्याचं पाणी. शेताला तारेचं कुंपण आलं, कुंपणामुळं चरायच्या वाटा तुटल्या. गंमत म्हणजे वाळवंटात कालवा आणायची सुरुवात करणारे तेच गंगासिंह, 1927 चा गंग कालवा त्यांचा. उंटांची पलटण बांधणारा आणि उंटाची गरज कमी करणारा माणूस एकच.

तनोट मातेच्या देवळात 1965 च्या युद्धात न फुटलेले बॉम्ब ठेवलेत. पूजाअर्चा सीमा सुरक्षा दलाचे जवानच करतात. प्रसादाच्या रांगेत मामा-मामींचं बोलणं ऐकून एक जवान वळला, "पाहुणे कुठले?" पोरगा सांगली भागातला निघाला. चहा झाला. मामांनी पहिलाच प्रश्न टाकला, गाड्या असताना उंट कशाला? तो म्हणाला, "मामा, गाडीचा आवाज रात्री लांबवर जातो, उंटाचा नाही. वर बसलं की टेकाडापलीकडचं दिसतं. आणि वाळूनं रोज जागा बदलली तर गाडीचा रस्ता गाडला जातो." वादळात वाट चुकली तर मोहरी, म्हणजे उंटाची दोरी, सैल सोडायची, उंट चौकीकडं आणतो. ही शिकवण त्याला जुन्या राजस्थानी सहकाऱ्यांकडून मिळालेली. पाणी, वायरलेस, शिधा सगळं एका जनावरावर. मामा इतके खूश झाले की त्याला आपल्या घरचा पत्ता देऊन आले.

लोंगेवालाला पोचलो तेव्हा ऊन कलत होतं. 4 डिसेंबर 1971 च्या रात्री इथं मेजर कुलदीपसिंह चांदपुरींची पंजाब रेजिमेंटची एक कंपनी, साधारण सव्वाशे माणसं, पाकिस्तानी रणगाड्यांसमोर टिकली. सकाळी जैसलमेरहून हंटर विमानं आली आणि चित्र पालटलं. बिघडलेले, जळके रणगाडे अजून वाळूत उभे आहेत, मुलं त्यांवर चढून फोटो काढतात. 'बॉर्डर' चित्रपटामुळं ही गोष्ट सगळ्यांना माहीत आहे. उंटांची गोष्ट कमी जणांना. चौकीवर सीमा सुरक्षा दलाची उंटांची छोटी तुकडीही होती, त्यात भैरोसिंह राठोड होते, ज्यांना पुढं सेना पदक मिळालं आणि जे डिसेंबर 2022 मध्ये जोधपूरला वारले. पाकिस्तानी तोफखान्याच्या पहिल्या माऱ्यात चौकीवरच्या दहापैकी पाच उंट मेले. मामांनी हे ऐकल्यावर टोपी काढली. "जनावर मेलं की आमच्याकडं कागद करायचे. नंबर, वय, कारण. ह्यांचेही केले असतील."

परतीच्या वाटेवर रामगढला ढाब्यावर थांबलो. मी मोबाइलवर लेहच्या संरक्षण संशोधन संस्थेची बातमी मामांना वाचून दाखवली. लडाखमधल्या नुब्रा खोऱ्यातल्या दोन वशिंडांच्या उंटांवर तिथं चाचण्या झाल्या आहेत. 17 हजार फुटांवर 170 किलो ओझं, आणि त्या उंचीवर खेचर नेतं त्याहून बरंच जास्त. मामांनी ताक खाली ठेवलं.

"चाल किती? सलग किती दिवस चालला? आणि चारा काय खातो, ते लिहिलंय का?"

लिहिलं नव्हतं. नुब्रात हुंडरला जायला कुठला महिना बरा, याची चौकशी त्यांनी रात्रीच सुरू केली. रस्ते उघडे असतात जून ते सप्टेंबर, असं कळलंय. मामी म्हणतात त्या येणार नाहीत, तिकडं साड्या मिळत नाहीत.